ओमोच्या बरणीतलं खमीर

दार लावून घ्या आधी. फोल्कर्ट बेकरीवाला माझा शाळासोबती, त्याच्यावर आलेला हा प्रसंग. मला सांगताना त्याने समोरच्या बिअरला हातही लावला नाही.

गेल्या नोव्हेंबरातली गोष्ट. रविवारी युद्धात गेलेल्यांचा स्मरणदिन होता. त्याच्या बापाच्या, ओमोच्या, दुसऱ्या महायुद्धातल्या डिव्हिजनचा मेळावा त्याच दिवशी असतो. म्हातारे सगळे गेले, आता मुलं-नातवंडं जमतात. डिव्हिजन म्हणजे पायदळाच्या तीन रेजिमेंट, एक तोफखान्याची, हजारो घोडे आणि या सगळ्यांसाठी पाव भाजणारी वेगळी तुकडी. ओमो त्या तुकडीत. "लढले ते रेजिमेंटवाले, मी फक्त कणीक मळली," हे तो मरेपर्यंत ऐकवायचा. रशियातून रजेवर आला तेव्हा तिकडचं खमीर, पाव आंबवायचं विरजण, बरणीत घेऊन आला. रोज पीठ-पाणी घालून फोल्कर्टने ते जिवंत ठेवलं होतं. गाव त्या पावाला 'डिव्हिजनचा पाव' म्हणायचं. मला नावानेच शिसारी यायची.

शनिवारी संध्याकाळी मेळावा भरवणारा हिल्मार येऊन गेला. "तुझ्या बापाचाच पाव हवा हं! भाषणात सांगणार आहे, आपली डिव्हिजन स्वच्छ होती, कुठल्या अत्याचाराचा डाग नाही."

"माझा बाप तरी होताच," फोल्कर्ट म्हणाला. बापाबद्दल त्याला तेवढाच एक अभिमान होता.

रात्री दोनच्या सुमारास, पाव भट्टीत असताना, मागचं दार वाजलं.

बाहेर एक बाई. डोक्याला रुमाल. मागे तीन पोरं... नुसती हाडं. आभाळ कोरडं. त्यांच्या खांद्यांवर मात्र बर्फ.

त्याने गरम पाव पुढे केला. तिने बघितलंही नाही. बरणीकडे बोट केलं.

"ते... माझ्या बापाचं खमीर आहे."

"पीठ आमचं होतं. हिवाळ्याच्या तोंडावर नेलं. सगळं."

"कोणी?"

"मळणाऱ्यांनी."

...

पोरं आत आली. भट्टीला चिकटून उभी राहिली.

बर्फ वितळेना.

मग... कोणीच नव्हतं.

ते पाव फोल्कर्टने डुकरांनासुद्धा घातले नाहीत, पुरून टाकले. हिल्मारने कुरकुरत शेजारच्या गावातून पाव आणले, भाषण ठोकलं. स्वच्छ डिव्हिजन! टाळ्या पडल्या, लोणी लावून सगळ्यांनी चापले. थू! मीही तिथे बसलो होतो; उठून बाहेर आलो आणि थेट फोल्कर्टकडे गेलो. तेव्हाच त्याने मला हे सगळं सांगितलं.

बरणीला हात लावायची त्याची हिंमत नव्हती. झाकणावरची दोरी त्याच्याच गाठीने बांधलेली होती, ती मी सोडली. आत खमिराचा कण नव्हता. तळापर्यंत चाटूनपुसून साफ. कडेला तेवढ्या बोटांच्या रेषा राहिल्या होत्या... माझ्या धाकट्या नातीची असतात ना, एवढीशी बोटं.