राखणदार निघाले

केस विंचरताना फणी हलक्या हातानं फिरवायची, ही सवय आता आंबोलीत सगळ्यांनाच लागली होती. केसांत राखणदार असत. म्हणजे छद्मविंचू. तिळाएवढा जीव, विंचवासारखे दोन चिमटे, पण नांगी नाही, म्हणून डंखही नाही. मूळचा तो जुन्या झाडांच्या सालीखाली राहणारा. किडीतापानं गावंच्या गावं ओस पडू लागली, तेव्हा शास्त्रज्ञांनी त्याच्यात बदल करून त्याला माणसाच्या केसांत वसवलं. तापाची कीड तो खाऊन टाकी.

त्या सकाळी शेवंता धुरीला नवऱ्याच्या उशीवर राखणदारांची रांग दिसली. ते त्याच्या केसांतून उतरून चालले होते. भिकाजी अंथरुणातच मजेत चहा पीत होता. चहा संपू न देताच ती त्याला डॉक्टर केरकरबाईंच्या प्रयोगशाळेत घेऊन गेली. या राखणदारांवर बाईंनीच काम केलं होतं.

भिकाजी रक्त द्यायला आत गेला. शेवंतानं दबक्या आवाजात विचारलं, "ते का सोडून चाललेत ह्यांना?"

"झाड आतून कुजायला लागलं की आपल्याला बाहेरून कळत नाही," बाई म्हणाल्या. "त्यांना वासावरून कळतं. मग ते एखाद्या माशीचा पाय धरतात आणि दुसऱ्या, धडधाकट झाडावर जातात."

"ह्यांना तर काही होत नाहीये."

"अजून नाही."

"औषध?"

"कशावर देऊ? ज्यांना ते सोडून गेले, त्यांच्या तपासणीत काहीच सापडत नाही. बदल केल्यावरही हा गुण त्यांच्यात राहील, असं आम्हाला वाटलंच नव्हतं."

भिकाजी बाहेर येऊन टेबलाशी बसला. त्यानं डोकं टेकवलं तसे उरलेसुरले राखणदार टेबलावर उतरले. शेवंतानं घाईनं आपला हात त्यांच्या वाटेत ठेवला.

"माझ्याकडे येऊ द्यात. मी परत ह्यांच्या केसांत सोडते."

पहिला राखणदार तिच्या बोटांपाशी थांबला. त्यानं चिमटे उचलले, क्षणभर तसेच धरले, आणि तो हाताला वळसा घालून पुढे गेला. मागचेही तसेच वळले. टेबलापलीकडे बाईंच्या बाहीवर ते एकेक करून चढू लागले.

शेवंताला हात उचलवेना. तिच्या मानेवरूनही काहीतरी सरकत खाली येत होतं. दुसऱ्या हातानं तिनं पदर मानेभोवती ओढून घेतला.

"काय गं, पदर का ओढून घेतलास?" भिकाजीनं विचारलं.

"थंडी वाजतेय," ती म्हणाली.

बाईंनी बाही झटकली नाही. फक्त आपली खुर्ची त्या दोघांपासून हळूच मागे सरकवली.