सापडल्याचं ठिकाण

सकाळी सहा वाजून चाळीस मिनिटांनी ओहोटी पूर्ण झाली, आणि सहा पंचेचाळीसला एक माणूस खाडीच्या गाळात मांडीपर्यंत रुतला.

हे एकीनेच पाहिलं. खाडीकाठच्या होड्यांच्या कारखान्याच्या मालकाची ती मुलगी. कारखाना आपला म्हणायचा. खरं तर चार खांब, वर पत्रे, खाली भुसा आणि मधोमध अर्धी बांधलेली होडी. ती फळ्यांच्या फटीत कापूस ठोकत होती. तिने हातोडी ठेवली, एक लांब फळी खांद्यावर घेतली आणि उतारावरून खाली गेली.

"हलू नका," ती म्हणाली. "जितके हलाल तितके खाली जाल."

"हलत नाहीये. विचार करतोय."

"आत्ता? कसला?"

"दोन हजार वर्षांपूर्वी इथे मोठी जहाजं लागायची म्हणतात. ती रुतली तर कोण काढत असेल?"

"जहाजं शहाणी असतील. ओहोटी बघून येत असतील."

तो हसला, आणि हसल्यामुळे आणखी दोन बोटं खाली गेला. तिने फळी सरकवली, हात दिला. माणूस बाहेर आला. डावा बूट आला नाही.

"राहू द्या," ती म्हणाली. "दोन हजार वर्षांनी तुमच्यासारख्याच कुणाला तरी सापडेल. खूश होईल बिचारा."

तो पुरातत्त्व संशोधक होता. चार सहकाऱ्यांसह आला होता, पोस्टाच्या वरच्या दोन खोल्यांत उतरला होता. खोदकामाची परवानगी पाच महिन्यांची. गावाने आठवड्याभरात त्याचं बारसं केलं — मातीसाहेब. गावाचं जुनं बंदर शोधायला तो आला होता. इथून मणी, कापड आणि लाकूड समुद्रापार जायचं, तिकडून मोठाले रांजण भरून माल यायचा, एवढं जुन्या प्रवासवर्णनांत लिहिलेलं होतं. मणी सापडले होते, रांजणांची खापरंही. पण जहाज जिथे बांधत, ती जागा सापडत नव्हती. ती नसेल तर बाकीचं सगळं टोपलीभर खापर, एवढंच.

दुसऱ्या दिवशी तो, धुवून आणतो म्हणून नेलेली फळी परत करायला आला, आणि येताना फळी आणायला विसरला.

कारखान्याच्या दारात आत्या शेंगा सोलत बसली होती. आत्याच्या नजरेतून सहसा काही सुटत नसे.

"फळी परत करायला आलात ना? मग फळी कुठाय?"

"ती... राहिली. उद्या आणतो."

"आणा हो, सावकाश आणा. रोज वीतभर आणलीत तरी चालेल."

फळी पोचती व्हायला अकरा दिवस लागले. त्यानंतर भरती-ओहोटीच्या वेळांचं निमित्त निघालं. त्या वेळा ती रोज खडूने खांबावर लिहायची, आणि तो रोज विचारायला यायचा.

"छापील वेळापत्रक मिळतं की," ती म्हणाली.

"त्यात चुका असतात."

"एकही नसते."

"मग मला वाचता येत नसेल. तुम्हीच सांगत जा."

तिने मान खाली घालून कापसाचा पीळ वळला. पीळ हवा होता त्यापेक्षा जरा जास्तच घट्ट झाला.

दुपारी वारा पडला की तो फळ्या कापायच्या लाकडी घोडीवर बसून बोलायचा. ती जहाजं वाऱ्यावर यायची, तो सांगे. सहा महिने वारा इकडे, सहा महिने तिकडे. आलेल्या माणसांना वारा उलटेपर्यंत इथेच राहावं लागे. भाड्याने खोली घ्यायची, भाषा शिकायची, वाट बघायची.

"आणि वारा उलटला की?"

"जायचे."

"सगळे?"

"ज्यांना कुणी थांब म्हणालं नसेल... ते सगळे."

तिच्या केसांत भुसा होता. त्याने हात उचलला; मग तो हात उगीचच खांबावरच्या खडूच्या आकड्यांकडे गेला.

"भुसा आहे," तो म्हणाला.

"कारखाना आहे," ती म्हणाली. "तुमच्या चहातसुद्धा असेल."

होता. त्याने तो चहा शेवटच्या घोटापर्यंत प्यायला.

पाचवा महिना लागला तेव्हा नऊ खड्डे रिकामे गेले होते. तो अजूनही यायचा, पण विनोद करायचा नाही. वेळ विचारायचा आणि तशीच विसरायचा. तिला ते बघवेना. एका मंगळवारी बाबा लाकूड पाहायला बाहेरगावी गेले होते. त्या दिवशी ती त्याला म्हणाली, "एक वीस वाजता या. ओहोटी खोल आहे आज."

आधी तिने त्याला वजनाचा दगड दाखवला. फळी वाकवायची तर ती तापवून तिच्यावर वजन टांगावं लागतं. कारखान्यात त्यासाठी एक तिकोनी दगड होता; वर एक भोक, खाली दोन. दोर ओवायला सोयीचा, म्हणून आजोबांपासून तोच वापरात. तो वरच्या भोकातून बोट फिरवत राहिला. जहाजाचा नांगर होता तो. लोखंडाच्या आधीचा.

मग ती त्याला उताराच्या तळाशी घेऊन गेली. होड्या जिथून पाण्यात सोडत तिथे, चिखलाखाली, घडीव दगडांच्या तीन पायऱ्या होत्या. घरात त्यांना 'आजोबांच्या पायऱ्या' म्हणत. तिने पायानेच गाळ बाजूला केला. पायऱ्यांच्या कडांवर खोल, गुळगुळीत खाचा होत्या — दोर घासून घासून पडलेल्या.

तो गुडघ्यांवर बसला. एका खाचेत त्याने तळहात ठेवला, तो नेमका बसला.

"इथे," तो म्हणाला. "इथे बांधत होते... मी पाच महिने रोज यावरून चालत चहाला येतोय."

ती हसली. तोही हसला. मग त्याचं हसू हळूहळू मावळलं, आणि ते का, हे त्याने तिला तिथेच, गाळात उभं राहून, स्पष्ट सांगितलं. ही जागा नोंदवली की ती संरक्षित होणार. शंभर मीटरच्या आत कुणाला खिळासुद्धा ठोकता येणार नाही. होड्यांचा कारखाना तर नाहीच.

वर पत्र्याखाली बाबांची होडी उभी होती. एकतिसावी. बाबांना दुसरं काही येत नव्हतं, निदान तिला तसं वाटत होतं.

तासाभराने दोघं कारखान्यातल्या मेजाशी बसली. समोर दगड, दगडाशेजारी नोंदीचं कार्ड. वस्तू: दगडी नांगर. लांबी, रुंदी, वजन त्याने भरलं. 'सापडल्याचं ठिकाण' या ओळीवर पेन थांबलं.

"दगड ने," ती म्हणाली. "तो तुझाच आहे. बाबांना फुटला म्हणून सांगेन. फक्त... ठिकाण दुसरं लिही. किनारा लिही. पश्चिमेचा. तोही याच गावाचा ना?"

तिने त्याला पहिल्यांदाच 'तू' म्हटलं होतं, आणि तेही हे मागताना.

"आमच्या कामात वस्तूपेक्षा जागा मोठी असते," तो म्हणाला. "जागा चुकली की उरतो नुसता दगड."

"लिही ना."

 भरती लागली होती. पायऱ्या झाकल्या जात होत्या. त्याने लिहिलं: समुद्रकिनारा, गावाच्या पश्चिमेस.

"झालं?"

"झालं," ती म्हणाली, आणि त्या क्षणी तिच्याएवढं सुखी गावात कुणी नव्हतं.

निघायच्या आदल्या दिवशी त्याने विचारलं, "वारा उलटलाय. कुणी थांब म्हणणार आहे का?"

"पुढच्या हंगामात ये. मग बाबांशी बोल."

"आणि थांब?"

"तेव्हा म्हणेन. तोवर जपून ठेवते."

बस वळणाआड गेल्यावर आत्या म्हणाली, "फळी पोचली बाई एकदाची. आता माणूस कधी पोचतोय बघायचं."

माणूस दहा महिन्यांनी आला. नांगराचा गाजावाजा झाला होता, त्यामुळे या वेळी परवानगी मोठी होती आणि माणसं सव्वीस. खोदायचं कुठे, ते कार्डावर लिहिलेलं होतं. पश्चिमेच्या किनाऱ्यावर पाच खड्डे घेतले. वर वाळू, खाली वाळू, तीन मीटरवर पाणी. पाणी उपसणाऱ्या पंपाची धडधड कारखान्यात दिवसभर ऐकू यायची. बाबा म्हणायचे, "काय शोधतायत एवढं?" ती म्हणायची, "कोण जाणे."

तिने रोज सकाळी ठरवलं की आज बाबांना सांगायचं. बाबा बत्तिसाव्या होडीच्या कण्यावर रंधा मारत शीळ घालत असायचे, आणि सांगायचं राहून जायचं.

तो संध्याकाळी यायचा. बाबांशी बोलायचा विषय त्याने काढला नाही. तिने आठवण केली नाही. सातव्या आठवड्यात शहरातून त्याचे वरिष्ठ आले. ती ओहोटीची वेळ सांगायला तंबूपाशी गेली होती. आतलं बोलणं कापडाबाहेर स्वच्छ येत होतं.

"हा नांगर तू स्वतः जागेवर पाहिलास?"

"हो."

"इथे?"

"इथेच."

ती तिथून आत गेली असती तर सगळं पंधरा पावलांत मिटलं असतं. ती परत फिरली. काम त्या शनिवारी बंद झालं. अहवालात 'नोंदीची विश्वासार्हता संशयास्पद' असा शेरा आला, आणि त्याखाली सही त्याचीच घेतली गेली.

निरोप घ्यायला तो आला तेव्हा दुपारचे तीन वाजले होते.

"रागावलायस?" तिने विचारलं.

"तुझ्यावर नाही. खोटं मी लिहिलं, तू नाही लिहिलंस." तो दारातच उभा होता. "पण आता कुठलंही कार्ड वाचलं की वाटतं... हे लिहिताना याच्या शेजारी कोण बसलं असेल?"

तिच्याकडे वर्षभर जपून ठेवलेला एकच शब्द होता. तो तिने काढला नाही.

"भरती साडेचारला आहे," ती म्हणाली. "त्याआधी निघ. रस्त्यावर पाणी येतं."

"तुझ्या वेळा कधी चुकत नाहीत," तो म्हणाला, आणि गेला.

त्यानंतरच्या सात वर्षांत कारखान्यात तीन होड्या झाल्या. तिला लग्नाच्या दोन मागण्या आल्या, त्या तिने परत पाठवल्या. आत्याने त्यावर विनोद करायचे सोडून दिले. लोक फायबरच्या होड्या घेऊ लागले. यंदा बाबांनी रंधा पुसून पेटीत ठेवला आणि पेटीला कुलूप लावलं. त्या दुपारी तिने त्यांना सगळं सांगितलं. पायऱ्या, कार्ड, पंप, सगळं.

बाबांनी कुलूप एकदा ओढून पाहिलं.

"अगं, मी तेव्हाच बंद करणार होतो," ते म्हणाले. "लाकूड मिळेना, कंबर दुखायची. एकतिसावी शेवटची, असं आत्याला बोललोही होतो."

"मग?"

"तो माणूस पहिल्यांदा गेला, तेव्हा तू त्याच्याबरोबर गेली नाहीस. मला वाटलं, तुला कारखाना हवाय. म्हणून ओढला इतकी वर्षं."

"मला एका शब्दाने विचारायचंत तरी, बाबा."

"आणि तू?"

 आत्या उठली आणि चहाचं आधण ठेवायला आत गेली.

पुढच्या सोमवारी ती जिल्ह्याच्या संग्रहालयात गेली. दगड दुसऱ्या दालनात, काचेआड, खिडकीच्या उजेडात आहे. शेजारी टंकलिखित पाटी: दगडी नांगर. समुद्रकिनारा, गावाच्या पश्चिमेस (अनिश्चित). कंसातला शब्द नंतर जोडलेला दिसतो. त्याची शाई वेगळी आहे.

तिने दुरुस्तीचा अर्ज दिला. अधिकारीबाईंनी तो दोनदा वाचला, चष्मा काढला.

"मूळ नोंद चुकीची आहे, हे तुम्हाला कसं माहीत?"

"लिहिताना मी शेजारी बसले होते."

"आणि खरं ठिकाण माहीत असून नोंद करणाऱ्याने हे का लिहिलं असावं?"

"मी सांगितलं म्हणून," ती म्हणाली. "तेही अर्जात लिहिलंय. तिसऱ्या परिच्छेदात."

बाईंनी तिसरा परिच्छेद पुन्हा वाचला. मग शिक्का मारला.

जागेची पाहणी या महिन्याच्या चौदा तारखेला ठरली आहे. त्या दिवशी ओहोटी सकाळी सहा सदतीसला पूर्ण होते. कारखान्याच्या खांबावर तिने तेवढाच आकडा लिहून ठेवला आहे. आत्याने माळ्यावरून ती लांब फळी उतरवली, ओल्या फडक्याने पुसली आणि उतारापाशी आडवी ठेवली. कुणी विचारलं नसताना म्हणाली, "माणसं बदलतात. गाळ काही बदललेला नाही."

पाहणीसाठी तीन जण यायचे आहेत: संग्रहालयाच्या अधिकारीबाई, सरकारी मोजणीदार आणि मूळ नोंद करणारा. पहिल्या दोघांचा होकार आला आहे. तिसऱ्याचं पत्र त्याला मिळाल्याची पोच गुरुवारी आली. सही त्याचीच आहे. त्याचं उत्तर मात्र आज संध्याकाळी साडेपाचला कार्यालय बंद होईपर्यंत आलेलं नव्हतं.