डाव्या पंखाची पट्टी

समुद्रातून काढलेलं विमान रूपर्ट पिनॉकने केंटच्या विमानतळावरच्या शेडमध्ये मांडून ठेवलं होतं. खडूने आखलेल्या आकृतीत तुकडा न् तुकडा आपापल्या जागी. अपघात का झाला हे शोधणं त्याचं काम, आणि कारण सापडलंही होतं: इंजिनला आग. भुताखेतांवर त्याचा काडीचा विश्वास नव्हता.

सगळं जुळलं, तरी एक लोखंडी पट्टी उरली. डावा पंख धडाशी जोडणारी, मधोमध तुटलेली.

"ही तर लागलीय ना आधीच?" सुतार गारसाइड म्हणाला.

या विमानाची पट्टी जागेवर लागली होती, धडधाकट होती. अशी पट्टी फक्त दोनच विमानांना बसवलेली. दुसरं बाहेर मैदानात उभं होतं. दुपारी ते पॅरिसला निघणार होतं आणि चालवणार होता रूपर्टचा धाकटा भाऊ, सिरिल.

"साहेब, बाकी सगळं कधीच सुकलं," गारसाइड हात पुसत म्हणाला. "ही ओली कशी?"

रूपर्ट धावतच मैदानात गेला.

"पंखाचं कापड फाडायचंय."

"दादा, डोकं फिरलंय का तुझं?" सिरिल हसला. "प्रवासी आलेत. चार व्यापारी, चौघंही घड्याळ बघतायत. रोगण चढल्यावर कापडाला हात लावत नाहीत, हे मी सांगायचं तुला?"

खरंच होतं ते. पंखाच्या सांगाड्यावर कापड ताणून रोगण चढलं की आत डोकवायची पद्धतच नव्हती. फाडलं की फेरी रद्द.

रूपर्टने चाकू काढून स्वतःच चीर दिली.

पट्टी जागेवर होती. मधोमध केसाएवढी भेग होती.

"उद्यापासून प्रत्येक पंखाला झडप ठेवा, आतलं दिसायला हवं," तो कसाबसा म्हणाला. भाऊ वाचला, या एका विचाराने त्याचे डोळे भरून आले.

फेरी रद्द झाल्यावर सिरिल विमानतळावरच्या खोलीत चहा घेऊन बसला, पण पीत नव्हता.

"दादा."

"बोल."

"त्या बाईच्या हातून बाळ सुटलं रे. मी पाण्यात खूप शोधलं."

"कुठली बाई? तुझ्या प्रवाशांत बाई नाहीच कुणी."

सिरिल खिडकीबाहेर बघू लागला.

बाहेर मोटार थांबली. पॅरिसचं विमान गाठायला उशीर झाला म्हणून एक बाई लगबगीने उतरली. तिच्या कडेवर बाळ होतं.