रुईचा गोब्रा

गोब्रा खामगावला आला तो मालगाडीने, जलंबला डबा बदलून, ऐन मे महिन्यात. महाराष्ट्र राज्य होऊन तेव्हा चार-पाच वर्षं झाली होती आणि आमचं कॉलेज त्याहूनही लहान होतं. प्राणिशास्त्र विभाग म्हणजे मी, एक सूक्ष्मदर्शक आणि एका जिनिंगवाल्याने वापरायला दिलेलं रुईचं जुनं गोदाम. पत्र्याखाली दुपारी पालसुद्धा थांबत नसे.

पेटी उचलायला हमाल तयार होईनात. वास मीठ-तुरटीचा होता, पण ज्यांनी समुद्र पाहिला नाही त्यांना तो मढ्याचा वाटला. "प्रोफेसर साहेब, मानूस तं नाही ना?" एकाने विचारलं. मी पेटी उघडून दाखवली तेव्हा तो आणखीच मागे सरकला.

रत्नागिरीला मत्स्यखात्यात असलेल्या अनंतने, माझ्या मित्राने, गोब्रा या समुद्री माशाचं ते कातडं पाठवलं होतं. दीड माणूस लांब. जबडा असा की पाण्याची घागर अख्खी आत जावी. हा मासा भक्ष्य चावत नाही. तोंड उघडतो आणि पाण्यासकट आत ओढून घेतो. एका कपारीत घर केलं की वर्षानुवर्षं तिथेच राहतो, माणसाला भीत नाही, उलट जवळ येऊन बघत राहतो. अनंतच्या बंदरातले कोळी त्याला ओळखत होते, त्याच्या वाटेला जात नव्हते. मग धक्क्यासाठी खडकाला सुरुंग लावले, आणि कसला आवाज झाला ते बघायला तो बाहेर आला. असे थोर मासे आता कोकणात बोटांवर मोजण्याइतके उरलेत, असं अनंत म्हणायचा. मला त्या मरणाचा राग होता, अजून आहे. असं काही जगात होतं हे निदान इथल्या पोरांना कळावं, म्हणून मला तो उभा करायचा होता.

सुताराने माशाच्या मापाचा लाकडी ओटा केला. शेपटी आणि भिंत यांच्यामध्ये झाडू फिरेल एवढी जागा सोडली. आत बांबूचा सांगाडाही बसवला. पेंढा भरणारा कारागीर नागपूरशिवाय मिळणार नव्हता. पण खामगावात भरायला काय कमी? मी गाद्या भरणाऱ्या कडूबाला बोलावलं.

तो आला तो बायकोला घेऊन. मनकर्णाबाई काटकुळी होती. तिच्या आधी तिचा खोकला गोदामात शिरला. बारा-पंधरा वर्षं जिनिंगमध्ये, मग नवऱ्याबरोबर गाद्यांवर. कापसाची धूळ छातीत बसली होती. दोन वाक्यांमध्ये तिला थांबून श्वास गोळा करावा लागे. मला ते बघवत नव्हतं.

"दवाखान्यात दाखवलं का?" मी विचारलं.

"दाखवलं ना," कडूबा म्हणाला. "डागदर म्हंते, कापूस सोडा अन् दर्याच्या हवेले न्या. आता कापूस सोडून गादीत काय भरू साहेब, हवा?"

ती हसली, आणि हसण्याचा पुन्हा खोकला झाला. माशाला हात लावून म्हणाली, "हा बाप्या हाय का बाई?"

मी सांगितलं, हा मासा आधी मादी असतो, थोर झाला की नर होतो. आणि जगतो तोवर वाढतच राहतो.

"म्हंजे आंधी बाईच होती," ती म्हणाली. तिने त्याच्या गालावरून हात फिरवला.

पहिल्या दिवशी शेपटीकडचा भाग भरून झाला. डोकं मात्र बाहेरून भरता येईना. कडूबा आडव्या अंगाचा, पोटाच्या चिरेतून त्याचा खांदा जाईना. मनकर्णाबाईने पदर खोचला आणि रुईचा गठ्ठा घेऊन आत शिरली. मी नको म्हणत होतो. बंद कातड्यात रुईची धूळ, तिचा जीव गुदमरेल. तिचे पाय आत गेले, टाचा दिसेनाशा झाल्या.

आणि खोकला थांबला.

कडूबाने हातातली दाभण खाली ठेवली. आम्ही दोघं ऐकत राहिलो. बाहेर रस्त्यावर बैलगाडीची चाकं वाजली, पत्रा तडतडला, आतून काहीच नाही. "मनकर्णे!" त्याने हाक मारली. दुसऱ्या हाकेला ओ आली, पण ती शेताच्या पल्याडून यावी तशी.

ती बाहेर आली तेव्हा चेहरा टवटवीत होता. एका दमात म्हणाली, "आतमधी लई जागा हाय. दम लागत नाही."

ओलसर, खारट हवेने दमेकऱ्याला बरं वाटतं, असं मी कडूबाला समजावलं. त्याने मान डोलावली. पण तिच्या लुगड्याचा काठ घोट्यापर्यंत ओला होता. थोड्या वेळाने तो वाळला आणि त्यावर मिठाची पांढरी रेघ उमटली.

दुसऱ्या दिवशी पोट पुन्हा सैल पडलेलं होतं. तिसऱ्या दिवशीही तेच. पाच गाद्यांची रुई आत गेली होती आणि डोकं दाबलं की बोट आत जाई. "आंधळं दळते अन् कुत्रं पीठ खाते, तसं झालं हे," कडूबा म्हणाला, पण त्याला हसू आलं नाही. मी चिरेतून हात घालून मूठभर रुई ओढली. ती पिळली तर पाणी निघालं. पाणी खारट होतं. मी कातड्याला दोष दिला, मिठाला दोष दिला. अशा उकाड्यात गोदामातली शाईसुद्धा वाळून जात होती, हे मात्र बोललो नाही.

मनकर्णाबाई आता रुई नसतानाही आत जायची. आधी नवऱ्याच्या होकाराची वाट बघायची, मग तेही सोडलं. बाहेर आली की खोकला तिला दारातच गाठायचा. एकदा कडूबा मला बाजूला घेऊन म्हणाला, "साहेब, काम आटपा. तिले आता घरी करमत नाही. रातभर खोकलते, तं मले समजते का जित्ती हाय. आत गेली का मले काहीच आयकू येत नाही."

"तू तिला आत पाठवू नकोस," मी म्हणालो.

"काऊन नाही म्हनू? तेवढाच वेळ तं ती सुखानं श्वास घेते."

मी ठरवलं, उद्या जसं असेल तसं शिवून टाकायचं.

दुसऱ्या दिवशी दुपारी फक्त पोटाची शिवण राहिली होती. कडूबा मेण लावलेला दोरा आणायला बाजारात गेला, मनकर्णाबाई आत माशापाशी बसून राहिली. मी दारातल्या सावलीत माठातलं पाणी प्यायलो, सुताराशी बोललो. दाराशिवाय गोदामाला वाट नव्हती, आणि दारात मी उभा होतो.

आत वळलो तेव्हा मासा भरलेला होता.

पोट ताठ. डोकं ताठ. जबडा किंचित उघडा.

ओट्याखाली तिच्या वहाणा होत्या. शेजारच्या टोपल्यात रुई तशीच होती, एक मूठही कमी नाही.

शिवण घातलेली होती. बारीक, सारख्या टाक्यांची, मनकर्णाबाईच्याच हातची. मी वाकून दोन्ही टोकं पाहिली. गाठ कुठेच नव्हती. दोऱ्याची दोन्ही टोकं आत गेलेली होती.

मी कात्री घेतली. तेवढ्यात मागून माझं मनगट धरलं गेलं. कडूबा कधी आला कळलंच नाही. त्याने माशाच्या पोटाला कान लावला आणि बराच वेळ तसाच राहिला. त्याचे डोळे भरून वाहत होते.

"नका साहेब," तो म्हणाला. "शांत झोपली हाय."

मग पोलीस आले, विहिरी पाहिल्या, माहेरी अमडापूरला माणूस गेला, जलंब स्टेशनावर विचारणा झाली. जमादाराने माशाच्या पोटावर दंडुका ठोकून पाहिला. "कापूसच हाय," असं म्हणून तो गेला. रुईने गच्च भरलेल्या वस्तूत माणूस मावत नाही, हे मलाही पटत होतं. एकदा एकटा असताना मी पुन्हा कात्री काढली. पोटावर तळहात ठेवला. मे महिन्यात, त्या पत्र्याखाली, ते पोट विहिरीच्या आतल्या दगडासारखं गार होतं. मी कात्री खिशात ठेवली.

मुलं येतात, मासा बघतात, मी त्यांना सगळं सांगतो: कपार, सुरुंग, माणसाला न भिणं. बाजाराच्या दिवशी कडूबा येतो, वहाणा दाराशी काढतो आणि माशाला कान लावून बसतो. जाताना दर वेळी एकच विचारतो.

"खोकला आयकू येते का, साहेब?"

"नाही."

"मंग बरी हाय."

यंदा दिवाळीनंतर झाडणाऱ्या गीताबाईने तक्रार केली की माशामागे झाडू जात नाही. ओटा सरकला असेल, मी म्हणालो. पण ओट्याचे पाय जमिनीवरच्या जुन्या खुणांवरच होते. पुढच्या बाजाराच्या दिवशी कडूबाचंही तिकडे लक्ष गेलं. शेपटी भिंतीला टेकून जरा वाकली होती. त्याने ती हाताने सरळ करून पाहिली, ती पुन्हा वाकली.

"साहेब, भित मांगं घ्या लागते," तो म्हणाला. "मनकर्णेले अडचण होत असन."