मागची डावी बाजू

गंगाधर गायधनींनी ओझरच्या विमान कारखान्यात तेहतीस वर्षं सुटे भाग तपासले. केसाएवढा फरक निघाला तरी भाग बाजूला काढायचा, हे त्यांचं काम. असा माणूस घरीही तसाच होतो. भिंतीवरची तसबीर तिरकी असली, तर त्यांचं जेवणात लक्ष लागत नसे. निवृत्त झाल्यावर त्यांनी एकच हौस मनाशी धरली. पहिल्या पिढीतली एटहंड्रेड घ्यायची, चौकोनी दिव्यांची, बारा इंची चाकांची, आणि ती नवी असताना जशी होती तशी पुन्हा करायची.

"करा," लतिकाबाई म्हणाल्या. "फक्त ग्रीसचे हात पडद्यांना पुसू नका."

गाडी मिळाली ती निफाडच्या अलीकडे, द्राक्षबागांमधल्या एका वस्तीवर. डिसेंबर उतरणीला लागला होता. सकाळचे दहा वाजले तरी बागांवरचं धुकं हटलं नव्हतं. सावित्रीबाई नावाच्या सत्तरीच्या बाई घरासमोरच्या रिकाम्या कांदाचाळीत त्यांना घेऊन गेल्या आणि ताडपत्री ओढून काढली. पंच्याऐंशी सालची लाल गाडी. रंग उन्हाने विटलेला, दारांच्या खालचा पत्रा थोडा गंजलेला, पण आतली सीट, काचा, डॅशबोर्ड सगळं मूळचं. फेरनोंदणीचे कागदही नीट होते. सावित्रीबाईंचे यजमान रावजी दोन वर्षांपूर्वी गेले, तोवर त्यांच्याशिवाय कोणी तिला हात लावला नव्हता.

"गावात दुसरी गाडी नव्हती तवा," बाई म्हणाल्या. "कोणाचं दुखलंखुपलं, कोणाचं बाळातपण अडलं, की ह्येच न्यायचे नाशिकला. कोणाला नाय म्हनले नाय."

गंगाधररावांनी सोबत आणलेली बॅटरी जोडली आणि चोक ओढला. तिसऱ्या प्रयत्नात इंजिन लागलं आणि तीन सिलिंडरांचा तो बारीक, कष्टाळू आवाज चाळीत भरला. त्यांना आनंद झाला. निघताना सावित्रीबाई पुढे आल्या, मागचं डावं दार उघडलं, थोडा वेळ तशाच धरून उभ्या राहिल्या आणि मग अलगद लावलं. बिजागरी बघत असतील, असं गंगाधररावांना वाटलं.

चांदोरी, ओढा, शिलापूर. नांदूर नाक्यापर्यंत येईस्तोवर त्यांच्या लक्षात आलं की गाडी मागच्या डाव्या बाजूला किंचित बसलेली आहे. खड्ड्यात ती बाजू उशिरा उठत होती.

इंदिरानगरातल्या बिल्डिंगच्या पार्किंगमध्ये त्यांनी पोलादी पट्टी लावून मोजलं. डावीकडे चाक आणि पत्रा यांच्यातलं अंतर उजवीपेक्षा अकरा मिलिमीटर कमी. चाळीस वर्षांच्या गाडीत हे व्हायचंच. चाकावरचे पोलादी पाटे दमतात.

वडाळा नाक्यावरच्या कुंदनकडे अशा जुन्या गाड्यांची नस होती. त्याने दोन्ही बाजूंचे पाटे बदलले, शॉक अॅब्झॉर्बर बदलले, रबरी बुश बदलले. गंगाधरराव शेजारी स्टुलावर बसून प्रत्येक बोल्ट बघत होते. गाडी रॅम्पवरून खाली आली तेव्हा दोन्ही बाजू सारख्या होत्या. त्यांनी स्वतः मोजल्या. दुसऱ्या दिवशी ते नव्या पाट्यांची चाचणी घ्यायला ओझरपर्यंत जाऊन आले, परत मोजलं, आणि डावी बाजू अकरा मिलिमीटर खाली होती.

"काका, पाटे नवेकोरे आहेत," कुंदन म्हणाला. त्याने वाकून पुन्हा पाहिलं, हाताने गाडी दाबली, सोडली. मग उभा राहून फडक्याने बोटं पुसू लागला. "लोड असल्यासारखी बसलीय. डिकीत काही आहे का?"

डिकीत जॅक आणि स्टेपनी होती. त्यांचं वजन गंगाधररावांना पाठ होतं.

जानेवारीत थंडी वाढली. रोज सकाळी सातला ते गाडी काढत, गंगापूर रोडने धरणाकडे एक फेरी मारत. कार्बोरेटर साफ केला होता, ठिणगीचे पॉइंट फीलर गेजच्या पातळ पट्टीने मोजून बसवले होते, इंजिन आता घड्याळासारखं चालत होतं. त्या फेऱ्यांत त्यांना दुसरी गोष्ट दिसली. मागच्या डाव्या काचेवर आतून वाफ धरायची. सगळ्या काचेवर नाही. मध्यावर, तळहाताएवढी, गोल. लहान व्हायची, मोठी व्हायची.

खाली गालिच्यात ओल असेल, तिथून दमट हवा वर येत असेल. त्यांनी गालिचा काढून पाहिला. तो कोरडा ठणठणीत होता. त्याखालचा पत्राही कोरडा.

मग त्यांनी वजन करायचं ठरवलं. पिंपळगावकडे जाणाऱ्या रस्त्याला एका भुईकाट्यावर द्राक्षांचे ट्रक उभे होते. त्यांच्यामधून ही एवढीशी लाल गाडी लोखंडी फळीवर चढली तेव्हा काटेवाला हसला. गंगाधरराव खाली उतरले, दार लावलं, बाजूला उभे राहिले. पेट्रोल किती आहे, जॅक किती, स्टेपनी किती, सगळं त्यांनी घरून कागदावर मांडून आणलं होतं. चिठ्ठी आली. आकडा पंचेचाळीस किलोने जास्त होता.

"काटा बरोबर आहे का?"

"कालच तपासून गेलेत," काटेवाला म्हणाला. मग त्याने खिडकीतून गाडीकडे पाहिलं. "आज्जींना उतरवायचं राहिलं का?"

गंगाधररावांनी वळून पाहिलं. ऊन काचेवर पडलं होतं, आतलं काही दिसत नव्हतं. ते जवळ गेले. सीट रिकामी होती. परत येऊन काही विचारावं, तर मागचा ट्रक हॉर्न वाजवत होता.

त्या दुपारी त्यांनी सावित्रीबाईंना फोन लावला. काय विचारायचं हे त्यांना नीट ठरवता आलं नव्हतं. मागच्या सीटबद्दल काहीतरी अडखळत बोलले. पलीकडून कोंबड्यांचा आवाज येत होता.

"मागं कोण बसतं ते आमी कधी इचारलं नाय, साहेब," बाई म्हणाल्या. "ह्ये बी इचारत नव्हते. पुढं बघून चालवायचे."

गंगाधररावांना राग आला. फसवल्याचा नव्हे, तर आपण असा प्रश्न विचारला याचा. दुसऱ्या दिवशी त्यांनी पाने घेऊन मागची अख्खी सीट काढली, पार्किंगच्या भिंतीला टेकवून ठेवली. मागे नुसता पत्रा राहिला. तशीच गाडी काढून ते धरणाच्या रस्त्याला लागले. थंडी कडक होती. दोन किलोमीटर गेल्यावर त्यांनी आरशात पाहिलं.

काच स्वच्छ होती. त्यांनी सुस्कारा सोडला.

मग मान वळवली, तेव्हा त्यांचं लक्ष खाली गेलं. वाफ दाराच्या रंगवलेल्या पत्र्यावर धरली होती, काचेच्या खूप खाली, गाडीच्या तळापासून हातभर उंचीवर. कोणी खाली पत्र्यावर बसलं असतं, तर तोंड जिथे आलं असतं तिथे.

त्यांनी गाडी रस्त्याकडेला घेतली. भीती वाटायला हवी होती, ती नंतर वाटली. आधी वाटली ती लाज. म्हाताऱ्या माणसाखालचं आसन ओढून घेतल्यासारखी. घरी येऊन त्यांनी हात धुवायच्या आधी सीट जागेवर बसवली.

लतिकाबाईंना यातलं त्यांनी काही सांगितलं नाही. पण फेब्रुवारीत भाजीला, बँकेत, देवळात जाताना त्या मागे बसू लागल्या. उजव्या बाजूला, दाराला अगदी चिकटून.

"पुढे बस की, जागा आहे."

"मागेच बरं वाटतं."

एकदा कॉलेज रोडच्या सिग्नलला थांबले असताना त्यांना मागून हलक्या आवाजातलं बोलणं ऐकू आलं. "हो, पोचूच आता," असं लतिकाबाई म्हणत होत्या. गंगाधररावांनी विचारलं, कोणाशी बोलतेस. "हिरवा लागला बघा," त्या म्हणाल्या. त्यांचा चेहरा गेल्या काही आठवड्यांत ओढल्यासारखा दिसत होता. देवळाच्या पायऱ्या चढताना त्या आता मध्येच थांबत. थकवा आहे, म्हणत. तेहतीस वर्षं बारीक फरक शोधणाऱ्या माणसाच्या हे डोळ्यांसमोर होतं, आणि ते रोज सकाळी गाडीचे पाटे मोजत होते.

शेवटी त्यांनी गाडी विकायचं ठरवलं. कळवणच्या एका हौशी माणसाने फोटो पाहून होकार दिला. तो रविवारी अकराला येणार होता.

रविवारी साडेदहाला लतिकाबाई स्वयंपाकघरात खाली बसल्या. हाक नाही, काही नाही. गंगाधरराव गेले तेव्हा त्या कपाटाला टेकून होत्या, कपाळ घामाने भिजलेलं, डावा हात छातीशी.

त्यांनी अॅम्ब्युलन्सला फोन केला. अर्धा तास लागेल, असं उत्तर आलं. दोन्ही शेजारी गावाला गेलेले. खाली ती एकच गाडी होती.

लिफ्टमधून त्यांनी बायकोला जवळजवळ उचलून आणलं. पुढचं दार उघडलं. लतिकाबाईंनी मान हलवली आणि मागच्या उजव्या दाराकडे बोट केलं.

"आडवी हो. पाय वर घे."

"नको," त्या म्हणाल्या. "जागा नाही."

गाडी पहिल्या झटक्यात सुरू झाली. मुंबई नाक्याजवळच्या हॉस्पिटलपर्यंत दहा मिनिटं. गंगाधररावांनी आरशात पाहिलं. लतिकाबाई दाराशी आकसून बसल्या होत्या. त्यांचा डावा हात आता छातीशी नव्हता. तो सीटवर होता, बोटं अर्धवट मिटलेली, आपण दुसऱ्याचा हात धरतो तशी.

"लतिका, बोल माझ्याशी."

"ती म्हणते घाई करा."

त्यांनी पुन्हा आरशात पाहिलं नाही. पुढे बघून चालवत राहिले.

पोर्चमध्ये ब्रेक लागताच हॉस्पिटलचा एक पोक्त कर्मचारी व्हीलचेअर घेऊन धावत आला. त्याने आधी डावीकडचं दार उघडलं. वाकला. एक हात पुढे केला, दुसरा कोणाच्या तरी काखेत घालावा तसा आत घातला.

"सावकाश, आजी," तो म्हणाला.

गाडीची मागची डावी बाजू वर उठली. गंगाधररावांना ते सीटखालून जाणवलं.

तो माणूस व्हीलचेअर घेऊन आत वळला. जाता जाता दाराशी उभ्या असलेल्या दुसऱ्याला म्हणाला, "अजून एक खुर्ची आण. आतमध्ये आणखी एक पेशंट आहे."

लतिकाबाई वाचल्या. रक्तवाहिनी उघडून तीत स्टेंट बसवली. आणखी वीस मिनिटं उशीर झाला असता तर कठीण होतं, असं डॉक्टर म्हणाले. गंगाधरराव पाच दिवस बाहेरच्या बाकावर बसले. त्या पाच दिवसांत त्यांनी येणाऱ्याजाणाऱ्या प्रत्येक म्हाताऱ्या बाईकडे पाहिलं आणि कोणालाच काही विचारलं नाही.

घरी नेण्याच्या दिवशी त्यांनी हॉस्पिटलच्या पार्किंगमध्ये वाकून पट्टी लावली. दोन्ही बाजू सारख्या होत्या. लतिकाबाई पुढे बसल्या. सगळ्या काचा स्वच्छ होत्या. आरशात मागची सीट नुसती सीट दिसत होती, जुन्या रेक्झिनची, शिवणीशी थोडी उसवलेली. फाटकातून बाहेर पडताना लतिकाबाईंनी एकदा मान वळवून मागे पाहिलं. एवढंच. गंगाधररावांना कित्येक आठवड्यांनी मोकळा श्वास घेता आला. कळवणच्या माणसाला त्यांनी फोनवर थांबायला सांगितलं होतं; गाडी विकायचीही आता घाई नव्हती. संध्याकाळी त्यांनी वरणभात लावला, दोघं जेवले, आणि ते गाढ झोपले.

दुसऱ्या दिवशी दुपारी चारला ते चहा ठेवत होते, तेव्हा फोन वाजला.

"गायधनी सर का? हॉस्पिटलच्या रिसेप्शनवरून बोलतेय. तुम्ही पेशंटला न्यायला कधी येताय?"

"आम्ही कालच घरी आलो," ते म्हणाले. "लतिका गायधनी. कागद बघा तुम्ही."

"हो सर, त्या गेल्या, इथे दिसतंय. मी दुसऱ्या आजींचं विचारतेय. कालपासून खाली पोर्चमध्ये बसून आहेत. काही खात नाहीत. घरचं कोणी आहे का विचारलं, तर गाडीचा नंबर सांगतात. त्यावरून तुमचा फोन काढला."

गंगाधररावांनी गॅस बंद केला. चहा अजून उकळत होता.

"सर? त्या म्हणतात, मी आपली आपण येईन, पण आता अंधार पडायच्या आत निघायला हवं. त्यांना काय सांगू?"

ते फोन कानाशी धरूनच मागे वळले. लतिकाबाई साडी बदलून, चपला घालून दारात उभ्या होत्या. फोन कोणाचा आहे, हे त्यांनी विचारलं नाही.