दोमोसुकेचे डोळे

"आज दुपारी चोरी झाली, बाई! अख्खा दोमोसुके गायब!" बाजारपेठेचे अध्यक्ष आरितोमी घाम पुसत म्हणाले. "पोशाख जुना झाला, म्हणून उद्या देवळात त्याला विधिपूर्वक अग्नी द्यायचाय."

दोमोसुके म्हणजे जपानमधल्या योनागोच्या बाजारपेठेचं लाडकं बोधचिन्ह, बिज्जू नावाचा केसाळ प्राणी. आत माणूस, बाहेर लोकरी पोशाख. तो कधी बोलायचा नाही, हा नियम. अठरा वर्षं आत असलेले कुरामोची महिन्यापूर्वी वारले.

"पोशाखाच्या खोलीच्या किल्ल्या कुणाकडे?" गुप्तहेर कुझेबाईंनी विचारलं.

"माझ्याकडे, नव्या कलाकाराकडे, म्हणजे एबिनाकडे, आणि कुरामोचींच्या बायकोकडे, शिझुएकडे. ती अंगाचा झगा धुवायला न्यायची. डोकं मात्र धुवायला कधीच दिलं नाही, ते खोलीतच राहायचं."

"भरदुपारी एवढं गाठोडं नेताना कुणी पाहिलं नाही?" मदतनीस ताबाताने विचारलं.

"कुणीच नाही."

एबिना वैतागलेलाच होता. "मी कशाला चोरू? त्यात उकडून निघतो माणूस. डोळे नुसते रंगवलेले. बघायचं तोंडाच्या जाळीतून. हे कळेपर्यंत मी तीनदा आपटलोय!"

मासेवाल्याची चिमुरडी खिदळली. "दोमोसुके आज खांबाला धडकला! पायसुद्धा फरफटत होते."

"तो रोजच फिरतो," ताबाता म्हणाला आणि पुढे चालू लागला.

कुझेबाई मात्र थांबल्या. "अरे, रोज फिरत असेल, पण चोरीला गेलेला आज फिरला कसा? गाठोडं कुणी नेलंच नाही. पोशाख अंगात घालून नेला. एबिना धडकला नसता. आरितोमींच्या सुटलेल्या पोटावर पोशाखाची चेन लागली नसती. पोशाखाचे पाय फरफटले, म्हणजे आतला माणूस बुटका. आणि रंगवलेल्या डोळ्यांतून बघायला गेला, म्हणजे डोकं कधी हाताळलेलं नाही."

ताबाताला स्वतःचीच लाज वाटली.

शिझुएने घराचं दार उघडलं. नवऱ्याच्या तसबिरीशेजारी ते डोकं ठेवलं होतं.

"घेऊन जा," ती सपाट आवाजात म्हणाली. "अंत्यविधीला रडू आलं नाही. वाटलं, त्यांना जे दिसायचं ते एकदा बघावं, म्हणजे तरी येईल. आत नुसता अंधार. अठरा वर्षं हे अंधारातच होते का हो?"

"नाही, शिझुएबाई." कुझेबाईंनी डोकं उचललं. "पुन्हा घाला. आता तोंडातून बघा."

तिने घातलं. काय करावं ते ताबाताला सुचेना. दोमोसुके दिसला की पोरं हलवतात तसा त्याने हात हलवला.

डोकं हळूच त्याच्याकडे वळलं.

"दिसतंय," आतून आवाज आला. मग हुंदका.

दोमोसुकेने बोलायचं नसतं. पण तिला कुणीच टोकलं नाही.