सातवा डबा

"बांगड्या नकोत. तुमच्याकडे जुन्या फिल्मचे डबे आहेत का?"

घोडेगावचा बाजार, दुकानात बायकांचा घोळका, आणि मागून पुरुषाचा असा आवाज! गोजरबाईच्या हातात भरत असलेली बांगडी तडकलीच. सत्त्याण्णव सालचा माघ होता. मी चव्वेचाळीसची, बिनलग्नाची, वडिलांमागे कासाराचं दुकान चालवणारी.

तो पुण्याचा. हरवलेले मूकपट शोधणं हे त्याचं काम. बोलपट आल्यावर मूकपट भंगारात गेले. त्यातले काही माझ्या आजोबांनी घेतले, फिती विरघळवून बांगड्यांना चकाकी द्यायला. सात डबे माळ्यावर उरले होते.

"नाव काय तुमचं?"

"दादाभाऊ."

"अगंबाई! दादाही आणि भाऊही? मग मी हाक कशी मारायची?"

"मारू नका," तो हसला. "न बोलावता येईन."

मी एकच डबा काढला. "बाकीचे मालाखाली अडकलेत... पुन्हा या."

एक बाजार सोडून तो येऊ लागला. ओल्या पोत्यात गुंडाळून एकेक डबा मोटारसायकलवर न्यायचा. त्याआधी दारात फीत उजेडाला धरायची. अंगठ्याएवढ्या चित्रांत नदीकाठी उभी एक बाई. बघायला दोघांनाही वाकावं लागे — त्याचा श्वास माझ्या कानाशी.

"कुणाची वाट बघतेय ही?"

"अकरा वर्षं शोधतोय मी. शेवटच्या डब्यात कळेल."

"घाई आहे?"

"मला नाही. फितीला आहे. सडायला लागलीय. पत्र्याखालचा उन्हाळा तिला सोसायचा नाही."

गोजरबाई चिडवायची, "वैजे, पावणं लई येत्यात गं! बांगड्या कुनाला भरायच्यात?"

सहा डबे गेले. सातवा मी माळ्यावरच माझ्या साड्यांच्या खोक्यामागे सरकवला. "सापडत नाही हो..." वैशाखात पत्रा तापत होता. तो तीनदा आला, चहा प्यायला, रिकामा गेला.

चौथ्या खेपेला मीच डबा समोर ठेवला. त्याने झाकण काढलं. आत तपकिरी भुकटी.

"सापडत नाही म्हणाले ते खोटं होतं," मी म्हणाले. "डबा दिला असता... तर तुम्ही कशाला आला असता?"

त्याने झाकण परत लावलं.

"माळ्याची शिडी समोरच होती," तो म्हणाला. "मलाही चढून शोधता आलं असतं. चहा पीत बसलो."

त्यानंतर तो आला नाही. पत्र आलं : 'तुमच्यावर राग नाही. पण तुमच्याकडे बघितलं की मला तो डबा दिसेल.'

मी उलट टपाली लिहिलं : 'मला तर डब्याकडे बघितलं की तुम्ही दिसता.'

दुकानावरून जाताना पोस्टमन वर्षभर न विचारताच मान हलवायचा — नाही. पुढे त्याची बदली झाली. नव्या पोस्टमनला मला सगळं पहिल्यापासून सांगावं लागलं.